तरुणांवर विसंबलेला प्रशिक्षक : एन्झो बेआर्झोत

चोपडे गावच्या तीरावर उभे राहिले की शापोरा नदीच्या पलीकडे शिवोली दिसते. आज हे दोन तीर पुलाने जोडलेले आहेत. पूर्वी फेरीबोटीची वाट पाहत थांबावे लागे. याच शिवोलीत १८८३ साली फादर विल्यम रॉबर्ट लायन्स या पाद्रीने मुलांच्या पायांशी चेंडू ठेवला आणि गोव्यात फुटबॉलचा श्रीगणेशा झाला, असे या खेळाचा इतिहास सांगतो. पुढे तो चेंडू नदी ओलांडून पेडणे महालात आला आणि भाताची कापणी झालेल्या शेतांत, गावोगावच्या पटांगणांत रुजला. संघ निवडताना मात्र दोन्ही तीरांवर एकच रीत चालते. ज्याच्या पायात कसब, तो आघाडीला. जो उंच, तो गोलात. आणि उरलेले बचावाला. गोल करणाऱ्याचे नाव गावभर होते. गोल अडवणाऱ्याचे नाव निघते ते बहुधा त्याच्या हातून चूक झाली तरच.

अशाच बिनटाळ्यांच्या जागी सारी उमेद घालवलेला एक इटालियन खेळाडू पुढे तरुण मुलांचा प्रशिक्षक झाला आणि अखेर त्याने आपल्या देशाला विश्वचषक मिळवून दिला. एन्झो बेआर्झोत हे त्याचे नाव. २१ डिसेंबर २०१० रोजी वयाच्या ८३व्या वर्षी मिलान शहरात त्यांचे निधन झाले. १९८२च्या विश्वचषकाची आठवण निघाली की आपल्याकडे पावलो रॉसीचे नाव आधी येते, क्वचित डिनो झॉफचे. ब्राझीलच्या चाहत्यांची तर गोव्यात वाण नाही. त्यांच्यातील जुन्या मंडळींना ५ जुलै १९८२ची तारीख आजही सलते. परंतु त्या दिवशी जे घडले त्याची मुळे बेआर्झोत यांच्या त्यापूर्वीच्या तीस-पस्तीस वर्षांच्या आयुष्यात होती. ते आयुष्य समजून घेतले तरच त्या विजयाचा अर्थ लागतो.

बेआर्झोत यांचा जन्म २६ सप्टेंबर १९२७ रोजी इटलीच्या ईशान्य कोपऱ्यातील फ्रिउली प्रांतात, आयेल्लो देल फ्रिउलीजवळच्या योआनिस या लहानशा गावी झाला. हा सीमेवरचा मुलूख. पहिल्या महायुद्धात येथील माती रक्ताने भिजली होती आणि सत्तांची अदलाबदल येथील लोकांनी पिढ्यान्‌पिढ्या अनुभवली होती. प्रांताला स्वतःची बोली, स्वतःचा स्वभाव. माणसे कष्टाळू, मितभाषी आणि एकदा दिलेला शब्द न मोडणारी, अशी त्यांची ख्याती. वडील बँकेत नोकरीला होते. मुलाने शिकून प्रतिष्ठित व्यवसाय करावा, ही मध्यमवर्गीय घरातली स्वाभाविक अपेक्षा होती आणि त्यानुसार एन्झोचे शिक्षण लॅटिन-ग्रीक शिकवणाऱ्या शाळेत झाले. या शिक्षणाचा ठसा त्यांच्यावर अखेरपर्यंत राहिला. पुस्तके, जाझ संगीत आणि ओठांत धरलेला पाइप ही त्यांची ओळख बनली. फुटबॉलच्या जगात असा वाचणारा माणूस त्या काळी विरळाच होता.

तरीही चेंडूने त्यांना ओढून नेले. दुसरे महायुद्ध संपल्यानंतर १९४६ साली ते प्रो गोरित्सिया या संघाकडून खेळू लागले आणि दोन वर्षांत मिलानच्या इंटर या बड्या क्लबने त्यांना बोलावून घेतले. तिथे तीन वर्षांत फारसा जम बसला नाही. १९५१ साली ते देशाच्या दुसऱ्या टोकाला, सिसिली बेटावरील कातानिया संघात गेले. हा संघ तेव्हा दुसऱ्या श्रेणीत होता. उत्तरेकडच्या तरुणाने दक्षिणेत तीन वर्षे घाम गाळला आणि १९५४ साली संघ पहिल्या श्रेणीत चढला, तेव्हाच त्यांनी तेथून निरोप घेतला.

यानंतर आला तोरिनो. या क्लबची कहाणी इटलीच्या काळजातली जखम आहे. ४ मे १९४९ रोजी लिस्बनहून परतणारे तोरिनोच्या संघाचे विमान तुरिन शहराजवळच्या सुपेर्गा टेकडीवर आदळले आणि लागोपाठ विजेतेपदे मिळवणारा तो संघ एका क्षणात नाहीसा झाला. बेआर्झोत तेथे १९५४ साली पोहोचले तेव्हा क्लब त्या राखेतून उभा राहण्याची धडपड करत होता. मध्ये एक वर्ष पुन्हा इंटरकडे काढून ते १९५७ साली तोरिनोत परतले आणि १९६४मध्ये निवृत्त होईपर्यंत तेथेच राहिले. संघ १९५९ साली दुसऱ्या श्रेणीत घसरला, पण बेआर्झोत त्याला सोडून गेले नाहीत. पुढच्याच हंगामात संघ पुन्हा वर आला. त्यांनी या क्लबचे कर्णधारपदही भूषवले.

त्यांची जागा बचावात आणि बचावफळीच्या लगेच पुढे. प्रतिस्पर्ध्याचा उत्तम खेळाडू हेरायचा, त्याच्या मागे सावलीसारखे लागायचे, चेंडू काढून घ्यायचा आणि आपल्यापेक्षा कसबी खेळाडूकडे सोपवायचा, एवढेच त्यांचे काम. पहिल्या श्रेणीत असे २५१ सामने ते खेळले. राष्ट्रीय संघाची निळी जर्सी मात्र आयुष्यात एकदाच अंगावर आली. २७ नोव्हेंबर १९५५ रोजी बुडापेस्टमध्ये हंगेरीविरुद्ध तो सामना झाला. तो हंगेरीचा सुवर्णकाळ. समोर फेरेन्क पुश्काशसारखा खेळाडू. इटली ०-२ असा हरला आणि बेआर्झोत यांना पुन्हा कधी बोलावणे आले नाही. एकच सामना, आणि तोही पराभवाचा. असा अनुभव गाठीशी असलेला माणूस पुढे खेळाडू निवडण्याच्या खुर्चीवर बसला, ही गोष्ट साधी नव्हे. एका वाईट दिवसावरून माणसाला कायमचे बाद ठरवले जाते तेव्हा काय वाटते, हे त्यांना ठाऊक होते.

खेळ थांबला तेव्हा त्यांचे वय ३६ होते. तोरिनोचे प्रशिक्षक तेव्हा नेरेओ रोक्को होते. रोक्को त्रिएस्तेचे, म्हणजे बेआर्झोत यांच्याच मुलखातले. १९६३ साली वेम्बलीच्या मैदानावर बेन्फिकाला हरवून मिलान संघाला त्यांनी युरोपीय चषक मिळवून दिला होता. रोक्को हे इटालियन बचावशैलीचे मोठे आचार्य. या शैलीला तिकडे दाराच्या अडसराचे नाव आहे. प्रत्येक प्रतिस्पर्ध्यामागे एक पहारेकरी आणि त्या सर्वांच्या मागे मोकळा ठेवलेला एक शेवटचा बचावपटू. दार असे घट्ट लावून घ्यायचे आणि संधी साधून एखादा गोल करायचा, हे तिचे तंत्र. बेआर्झोत या आचार्यांच्या हाताखाली मदतनीस म्हणून शिकले, त्यानंतर एदमोन्दो फाब्री यांच्या हाताखालीही त्यांनी काम केले. पुढे १९६८-६९च्या हंगामात तिसऱ्या श्रेणीतील प्रातो या संघाची सूत्रे त्यांच्याकडे आली. क्लबचा मुख्य प्रशिक्षक म्हणून त्यांची कारकीर्द एवढीच.

येथे त्यांच्या आयुष्याला निर्णायक वळण लागले. क्लबच्या प्रशिक्षकाला पैसा अधिक, प्रसिद्धी अधिक. ती वाट सोडून त्यांनी इटालियन फुटबॉल महासंघाची नोकरी धरली आणि १९६९ साली तेवीस वर्षांखालील राष्ट्रीय संघाचे प्रशिक्षकपद स्वीकारले. सहा वर्षे ते या पदावर होते. हे काम बाहेरून दिसते तितके सोपे नसते. क्लबच्या प्रशिक्षकाला खेळाडू रोज भेटतो. राष्ट्रीय युवा संघाच्या प्रशिक्षकाला तो वर्षातून काही दिवसच मिळतो. त्यामुळे मैदानाच्या कडेला बसून पाहणे हेच त्याचे मुख्य काम. कोणता मुलगा क्लबच्या राखीव बाकावर कुजतो आहे, कोण हरल्यावर मान खाली घालतो, कोण दुसऱ्याच्या चुकीवर चिडतो आणि कोण धावत जाऊन ती सावरतो, हे सारे टिपून ठेवावे लागते. आज वीस वर्षांचा असलेला मुलगा चार वर्षांनी कसा असेल याचा अंदाज बांधावा लागतो, आणि अंदाज खरा ठरला तरी श्रेय वरिष्ठ संघाच्या प्रशिक्षकाला मिळते. बचावपटू म्हणून बिनटाळ्यांचे काम केलेल्या बेआर्झोत यांना हे काम मानवले, यात नवल नाही.

१९७४च्या विश्वचषकात ते वरिष्ठ संघाचे प्रशिक्षक फेरुच्चो वाल्कारेज्जी यांचे सहायक होते. पश्चिम जर्मनीत झालेल्या त्या स्पर्धेत इटली पहिल्याच फेरीत गारद झाला. त्याच स्पर्धेत हॉलंडने जगाला नवा फुटबॉल दाखवला. कोणीही बचावपटू पुढे धावतो, आघाडीपटू मागे येतो, जागा सतत बदलत राहतात. जुना अडसर आता पुरणार नाही, हे बेआर्झोत यांनी ओळखले. मात्र परक्यांची नक्कल करून चालणार नाही, हेही त्यांना तितकेच पटले होते. स्पर्धेनंतर संघाची धुरा फुल्व्हियो बेर्नार्दिनी यांच्याकडे गेली. १९७५ साली बेआर्झोत त्यांचे जोडीदार झाले आणि १९७७पासून एकटे प्रमुख. इंग्लंड त्याच गटात असताना गोलफरकाच्या जोरावर इटलीने १९७८च्या विश्वचषकाची पात्रता मिळवली.

अर्जेंटिनातील त्या स्पर्धेत युवा संघाच्या प्रशिक्षकाची नजर प्रथमच जगाला दिसली. पहिल्याच सामन्यात त्यांनी दोन कोवळे खेळाडू उतरवले. एक व्हिचेन्झा या लहान क्लबचा २१ वर्षांचा पावलो रॉसी, आणि दुसरा २० वर्षांचा बचावपटू आंतोनियो काब्रिनी. काब्रिनीने तोवर राष्ट्रीय संघाकडून एकही सामना खेळला नव्हता. त्याचे पदार्पणच विश्वचषकात झाले. मायदेशी अनेकांनी भुवया उंचावल्या. इटलीने फ्रान्स, हंगेरी आणि यजमान अर्जेंटिना या तिघांना पाठोपाठ हरवले. त्या वर्षी विश्वविजेता झालेल्या अर्जेंटिनाला त्या स्पर्धेत हरवणारा तो एकमेव संघ. अखेर चौथ्या क्रमांकावर समाधान मानावे लागले, तरी संघाचा पाया घातला गेला होता.

बेआर्झोत यांनी अडसर काढून टाकला नाही. त्याला बिजागरी बसवली, असे म्हणता येईल. क्लाउदियो जेंतिले जुन्या पद्धतीने प्रतिस्पर्ध्याच्या अंगाला चिकटून राही. शेवटचा बचावपटू गाएतानो शिरेया मात्र केवळ पहारेकरी नव्हता. चेंडू मिळताच तो शांतपणे पुढे सरके आणि मधल्या फळीचा एक खेळाडू होऊन जाई. काब्रिनी डाव्या कडेने थेट प्रतिस्पर्ध्याच्या गोलापर्यंत धावे, तर ब्रुनो कोंती उजव्या कडेने बचाव भेदत जाई. प्रत्येकाला आपापल्या स्वभावाप्रमाणे खेळू द्यायचे आणि त्या स्वभावांची एकमेकांशी सांगड घालायची, हे त्यांचे सूत्र. ते साधायचे तर तीच माणसे वर्षानुवर्षे एकत्र हवीत. म्हणून एखादा सामना वाईट गेला तरी ते संघ मोडत नसत. चाहत्यांना आणि वृत्तपत्रांना हा हट्ट वाटे.

१९८० साली या विश्वासाची कठोर परीक्षा सुरू झाली. सामने ठरवून खेळल्याचे व त्यावर सट्टा लावल्याचे प्रकरण इटलीत उघडकीस आले आणि पोलीस थेट मैदानांवर पोहोचले. आरोप झालेल्यांत पावलो रॉसीही होता. त्याने अखेरपर्यंत आपण निर्दोष असल्याचे सांगितले, तरीही त्याच्यावर बंदी आली. तीन वर्षांची शिक्षा पुढे दोन वर्षांवर आणली गेली. त्याच वर्षी मायदेशी झालेल्या युरोपीय स्पर्धेत इटली पुन्हा चौथा राहिला. रॉसीची बंदी १९८२च्या एप्रिल अखेरीस संपली, म्हणजे विश्वचषकाच्या जेमतेम दीड महिना आधी. युव्हेंटसकडून तो हंगामाचे अखेरचे तीन सामने खेळला. दोन वर्षे मैदानाबाहेर राहिलेला, हडकुळा, दम न टिकणारा हा खेळाडू बेआर्झोत यांनी स्पेनला जाणाऱ्या संघात घेतला. आणि इटालियन लीगमध्ये लागोपाठ दोन हंगाम सर्वाधिक गोल करणारा रोमाचा रोबेर्तो प्रुत्सो घरी राहिला.

मग टीकेचा भडिमार झाला. स्पेनच्या व्हिगो शहरात पहिल्या फेरीचे तीन सामने झाले. पोलंडशी ०-०, पेरूशी १-१, कॅमेरूनशी १-१. एकही विजय नाही. कॅमेरूननेही तिन्ही सामने बरोबरीत सोडवले होते. केवळ एक गोल अधिक केला म्हणून इटली पुढे सरकला. रॉसीच्या पायाला चेंडू लागत नव्हता. मायदेशीच्या वृत्तपत्रांनी प्रशिक्षकाच्या बुद्धीवर, खेळाडूंच्या बक्षिसाच्या रकमांवर आणि खासगी आयुष्यावरही झोड उठवली. तेव्हा संघाने वृत्तपत्रांशी बोलणेच बंद केले. संघाच्या वतीने बोलायचे ते फक्त कर्णधार झॉफने, आणि चाळिशी गाठलेला तो गोलरक्षक मुळातच मोजके बोलणारा. वृत्तपत्रात काम करणाऱ्या आम्हा मंडळींना हा प्रसंग थोडा अडचणीचा वाटावा असाच आहे. टीका करणे हे आमचे कामच. पण टीकेची वेस ओलांडून माणसाचा पाणउतारा सुरू झाला की तिचे मोल उरत नाही, हे व्हिगोने दाखवून दिले.

या काळात रॉसीला वगळणे सर्वांत सोपे होते. तसे केले असते तर टीकाकार शांत झाले असते आणि पराभव झालाच असता तर दोष वाटला गेला असता. बेआर्झोत यांनी ते केले नाही. हा निव्वळ हट्ट म्हणावा, तर त्यामागचा विचार ध्यानात घ्यायला हवा. चार वर्षांपूर्वी अर्जेंटिनात याच मुलाने काय केले होते, ते त्यांनी पाहिले होते. दम हा खेळून भरून येतो. बाकावर बसवून येत नाही. शिवाय एकाला संकटात सोडले की बाकीच्यांचाही प्रशिक्षकावरील भरवसा उडतो. निर्णय चुकला असता तर त्यांचे नाव इटलीत कोणी आदराने घेतले नसते, हे त्यांना कळत होते. पणाला लागले होते ते त्यांचे सारे आयुष्य.

दुसऱ्या फेरीत बार्सिलोनाच्या सारिया मैदानावर गाठ होती जगज्जेत्या अर्जेंटिनाशी आणि सर्वांच्या लाडक्या ब्राझीलशी. २९ जून रोजी अर्जेंटिनाविरुद्ध तरुण मॅराडोनाच्या मागे जेंतिलेला लावण्यात आले. त्याच्या धसमुसळ्या खेळाचे कौतुक करता येणार नाही, पण मॅराडोना जखडला गेला हे खरे. टार्देल्ली आणि काब्रिनी यांच्या गोलांनी इटली २-१ असा जिंकला. रॉसी त्या दिवशीही कोराच राहिला.

५ जुलैला समोर झिको, सॉक्रेटिस, फाल्काओ यांचा ब्राझील. त्यांना पुढे जायला बरोबरी पुरेशी होती. पाचव्याच मिनिटाला काब्रिनीने डावीकडून चेंडू उंच टाकला आणि रॉसीने डोक्याने तो जाळ्यात धाडला. सॉक्रेटिसने बरोबरी साधली. पंचविसाव्या मिनिटाला ब्राझीलच्या बचावातील ढिला पास हेरून रॉसीने दुसरा गोल केला. दरम्यान बचावपटू कोल्लोवाती जायबंदी झाला. त्याच्या जागी बेआर्झोत यांनी कोणाला उतरवले, तर १८ वर्षांच्या जुझेप्पे बेर्गोमीला. अनुभवी संघाविरुद्ध, अशा सामन्यात, शाळकरी वयाचा मुलगा! बेर्गोमी डगमगला नाही. फाल्काओने दुसऱ्यांदा बरोबरी साधली, आणि ७४व्या मिनिटाला रॉसीने तिसरा गोल केला. अखेरच्या क्षणी ऑस्करने डोक्याने मारलेला चेंडू झॉफने गोलरेषेवर दाबून धरला आणि ३-२ असा निकाल लागला.

उपांत्य सामन्यात पोलंडवर २-० असा विजय मिळाला. दोन्ही गोल रॉसीचे. ११ जुलै रोजी माद्रिदच्या सान्तियागो बेर्नाबेऊ मैदानावर पश्चिम जर्मनीविरुद्ध अंतिम सामना झाला. मधल्या फळीचा कणा असलेला आंतोन्योनी जायबंदी होता; सामना सुरू होऊन काही मिनिटे होतात तोच ग्रात्सियानीलाही खांद्याच्या दुखापतीने बाहेर जावे लागले. पूर्वार्धात काब्रिनीने पेनल्टी गोलाबाहेर मारली. तरीही संघ विचलित झाला नाही. उत्तरार्धात रॉसीने पहिला गोल केला, हा त्याचा स्पर्धेतील सहावा. दुसरा गोल टार्देल्लीचा. या गोलानंतर मुठी आवळून, डोळ्यांत पाणी आणून धावत सुटलेला टार्देल्ली जगाने पाहिला. पण त्या आधीचे काही क्षण अधिक पाहण्यासारखे आहेत. जर्मनीच्या गोलासमोर, अगदी पेनल्टी क्षेत्रात, चेंडू एकमेकांना देत होते ते शिरेया आणि बेर्गोमी. दोघेही बचावपटू! दाराचा अडसर प्रतिस्पर्ध्याच्या अंगणात जाऊन पोहोचला होता. बेआर्झोत यांची सारी विद्या त्या काही क्षणांत सामावलेली आहे. आल्तोबेल्लीने तिसरा गोल केला, जर्मनीतर्फे ब्राइट्नरने एक फेडला आणि ३-१ अशा विजयासह इटली ४४ वर्षांनी जगज्जेता झाला.

इटलीचे ८५ वर्षांचे राष्ट्राध्यक्ष सान्द्रो पेर्तिनी सामना पाहायला आले होते. परतीच्या प्रवासात विमानात पत्त्यांचा डाव रंगला. एका बाजूला राष्ट्राध्यक्ष आणि झॉफ, दुसऱ्या बाजूला बेआर्झोत आणि फ्रान्को काउसियो. मधल्या मेजावर विश्वचषक. त्या क्षणाचे छायाचित्र इटलीत घराघरांत पोहोचले. ज्यांनी महिनाभरापूर्वी बेआर्झोत यांची हेटाळणी केली होती, त्यांनीच आता त्यांच्या पाइपचेही गुणगान सुरू केले. त्यांनी मात्र कोणाचे उट्टे काढले नाही.

गोष्ट येथे संपवली तर ती गोड होईल, पण पुरती खरी होणार नाही. ज्या निष्ठेने त्यांना विजय दिला, तिनेच पुढे त्यांना अडचणीत आणले. १९८२च्या खेळाडूंना दूर करणे त्यांच्या जिवावर आले. १९८४च्या युरोपीय स्पर्धेच्या पात्रता फेरीत जगज्जेता इटली पाच संघांच्या गटात चौथा आला. १९८६ साली मेक्सिकोच्या विश्वचषकात जुने शिलेदार पुन्हा बरोबर होते. रॉसीही संघात होता, पण एकही सामना खेळू शकला नाही. बाद फेरीत फ्रान्सने २-० असे हरवले आणि बेआर्झोत पायउतार झाले. १०४ सामन्यांत त्यांनी राष्ट्रीय संघाचे नेतृत्व केले. त्यांपैकी ५१ जिंकले, २८ बरोबरीत सुटले आणि २५ गमावले. तरुणांना ओळखणाऱ्या माणसाला आपलेच तरुण प्रौढ झाले, थकले, हे वेळेवर ओळखता आले नाही. विश्वास ठेवणे जितके कठीण, तितकेच तो कधी आवरता घ्यावा हे कळणेही कठीण.

मात्र त्यांनी पेरलेले बी वाया गेले नाही. त्यांच्यामागून प्रमुख झालेले आत्सेल्यो व्हिचिनी हेही युवा संघाचेच प्रशिक्षक होते. १९८२ साली स्पेनमध्ये बेआर्झोत यांचे सहायक होते चेझारे माल्दिनी. हा रोक्को यांच्या मिलान संघाचा १९६३चा कर्णधार, तोही बचावपटूच. माल्दिनींनी एकवीस वर्षांखालील संघ हाती घेतला आणि १९९२, १९९४ व १९९६ अशी सलग तीन युरोपीय विजेतेपदे मिळवली. २००० साली हेच विजेतेपद मिळवणारा प्रशिक्षक होता मार्को टार्देल्ली, तर २००४ साली क्लाउदियो जेंतिले. म्हणजे बारा वर्षांतील पाचही युवा विजेतेपदे बेआर्झोत यांचा एक सहायक आणि दोन शिष्य यांच्या हातून आली. २००६ साली इटलीला पुन्हा विश्वचषक मिळवून देणारे मार्चेल्लो लिप्पी हेही पूर्वीचे बचावपटू, आणि त्यांनीही १९८२ साली प्रशिक्षक म्हणून सुरुवात केली ती सांपदोरियाच्या युवा संघापासून. बचावपटू सगळ्यांच्या मागे उभा असतो. त्याला साऱ्या मैदानाचा खेळ समोर दिसतो आणि दुसऱ्याची चूक सावरणे हेच त्याचे काम असते. चांगला शिक्षक घडायला याहून वेगळे काय लागते?

बेआर्झोत यांनी पुन्हा कोणत्याही संघाचे प्रशिक्षकपद घेतले नाही. २००२ ते २००५ या काळात त्यांनी महासंघाच्या तांत्रिक विभागाचे अध्यक्षपद सांभाळले. फ्लोरेन्सजवळच्या कोव्हेर्चानो येथील या विभागात देशाचे प्रशिक्षक घडवले जातात. शिकवणाऱ्यांना शिकवण्याचे काम त्यांच्याकडे आले, हे उचितच झाले. त्यांच्या निधनाचा दिवस २१ डिसेंबर. १९३४ आणि १९३८ असे दोन विश्वचषक मिळवून देणारे व्हित्तोरियो पोत्सो हेदेखील १९६८ साली याच तारखेला वारले होते. बेआर्झोत गेल्यानंतर त्यांच्या नावाने इटलीतील उत्तम प्रशिक्षकास दरवर्षी पुरस्कार देण्यास प्रारंभ झाला. हाच इटली पुढे २०१८ आणि २०२२ अशा लागोपाठ दोन विश्वचषकांना पात्रही ठरला नाही, तेव्हा तेथील जाणत्या लोकांना बेआर्झोत यांची उणीव किती जाणवली असेल, याची कल्पना करता येते.

आपल्या गोव्याला या चरित्रातून काय घ्यावे, हा प्रश्न अस्थानी नाही. २०१७ साली सतरा वर्षांखालील विश्वचषकाचे सामने फातोर्ड्याच्या मैदानावर झाले, तेव्हा जगातील मुले येथे खेळून गेली आणि आपल्या मुलांनी ती डोळे भरून पाहिली. मुलांची वाण आपल्याकडे नाही. पेडण्यापासून काणकोणपर्यंत संध्याकाळी कोणत्याही मोकळ्या जागेत पाहावे, चेंडूमागे धावणारी मुले दिसतातच. त्यांना हवा आहे तो मैदानाच्या कडेला बसून वर्षानुवर्षे पाहणारा, एका वाईट सामन्यावरून नाव न खोडणारा आणि टीकेच्या वेळी पाठीशी उभा राहणारा माणूस. अशी माणसे आपल्या गावांतही आहेत. नोकरीवरून परतल्यावर पदरमोड करून मुलांना शिकवणारे कित्येक जण असतात; त्यांची नावे वृत्तपत्रांत क्वचित छापून येतात. बेआर्झोत यांचेही नाव बेचाळीस वयापर्यंत असेच मागे होते.

शापोरेच्या काठी सूर्य कलला की नदीच्या दोन्ही तीरांवर खेळ सुरू होतो. संघ पाडताना अजूनही एखादा मुलगा शेवटी उरतो आणि त्याला बचावाला उभे केले जाते. तो हिरमुसतो. त्याला कोणी तरी एन्झो बेआर्झोत यांची ही कहाणी सांगावी.